नकाशांतील पुनरुक्ति

नकाशा काढणें हें काम दुरून पाहणाराला मोठें रम्य वाटतें. स्वच्छ कागद, उतरता लाकडी फळा, टीस्क्वेअरची सरळ धार आणि तीवरून सरसर ओढली जाणारी काळीभोर रेघ, असें एक चित्र डोळ्यांसमोर उभें राहतें. ज्यानें हें काम पोटासाठीं केलें आहे त्याला मात्र आठवते ती पुनरुक्ति. एकाच मापाचीं चौसष्ट भोकें, एकाच नमुन्याच्या अठ्ठेचाळीस खिडक्या, एकाच उंचीच्या बावीस पायऱ्या. प्रत्येक भोकाला मध्यरेषा दोन, आणि प्रत्येक खिडकीला रेघा नऊ. डोकें पहिल्या खिडकीपाशींच थांबलेलें असतें. उरलेल्या सत्तेचाळीस खिडक्या हात एकटाच काढीत असतो. लहानपणीं आपण पाटीवर अक्षर गिरवीत असूं, त्यांतलाच हा प्रकार. फरक इतकाच कीं येथें गिरवून कांहीं शिकावयाचें नसतें.

आज मी बोलणार आहें तें या गिरवण्याच्या इतिहासाविषयीं. संगणकावर नकाशे काढण्याची विद्या कशी जन्मली, ही कथा आतां पुष्कळांना ठाऊक आहे. पण नकाशांतील तेंच तें काम यंत्रावर सोंपविण्याची युक्ति कोणी काढली, ती कोणाच्या हातीं गेली आणि कोणाच्या हातीं जाऊं दिली नाहीं, ही कथा त्या मानानें कमी सांगितली जाते; आणि माझ्या मतें तीच अधिक महत्त्वाची आहे.

या विषयाचा आरंभ फ्रान्समधील जॅकार्डच्या मागापासून करण्याची एक रूढि पडून गेली आहे. भोकें पाडलेल्या पुठ्ठ्यांच्या माळेवरून त्या मागानें एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं वेलबुट्टी विणून दाखविली, हें खरेंच आहे. तरी मी ती रूढि पाळणार नाहीं. कारण मागावर बसणारा विणकर ते पुठ्ठे स्वतः कापीत नसे. तें काम दुसऱ्याचें. आजच्या कथेंतला मुख्य प्रश्न नेमका येथेंच आहे. पुनरुक्तीचा शीण ज्याच्या हाताला होतो, त्यालाच ती यंत्रावर सोंपवितां येते कीं नाहीं?

प्रथम जुन्या ड्रॉइंग ऑफिसांत डोकावूं. तेथें पुनरुक्ति दोन प्रकारची असे. पहिली सबंध नकाशाची. एकाच नकाशाच्या दहावीस प्रती लागत, आणि एके काळीं त्या हातानेंच उतरवून काढाव्या लागत. सर जॉन हर्शेल या इंग्रज ज्योतिर्विदांनीं १८४२ सालीं लोहक्षारांच्या साहाय्यानें निळें चित्र उमटविण्याची रीति शोधून काढली. पुढें त्याच रीतीनें 'ब्लू प्रिंट' निघूं लागल्या आणि प्रती काढण्याचें काम सूर्यप्रकाशानें आपल्या अंगावर घेतलें. तरीहि पेन्सिलीचा मूळ नकाशा खळ दिलेल्या पारदर्शक कापडावर एकदां शाईनें उतरवून द्यावाच लागे, आणि त्यासाठीं 'ट्रेसर' नांवाचा एक स्वतंत्र वर्ग निर्माण झाला. स्कॉटलंडांतील क्लाइड नदीच्या कांठच्या जहाजकारखान्यांत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या कामावर स्त्रियांची नेमणूक होऊं लागली. हात स्थिर, अक्षर सुबक आणि पगार पुरुषाहून कमी, असा मालकांचा त्यांत हिशोब होता, हें सांगावयास नकोच.

दुसरी पुनरुक्ति नकाशाच्या पोटांतली. चौसष्ट भोकांची आणि अठ्ठेचाळीस खिडक्यांची. तिच्यावर सूर्यप्रकाशाचा इलाज चालत नसे. सेल्युलॉइडचीं टेम्प्लेटें निघालीं, अक्षरांचीं स्टेन्सिलें निघालीं. पण तीं हाताला सरळ ठेवीत, रिकामें करीत नसत.

मीं स्वतः १९८३ च्या सुमारास मुंबईंतील एका कारखान्याच्या ड्रॉइंग ऑफिसांत उमेदवारी केली. तेव्हां कापड जाऊन ट्रेसिंग पेपर आला होता, निळ्या प्रती जाऊन अमोनियाच्या प्रती आल्या होत्या आणि त्यांचा उग्र दर्प जिन्यापर्यंत येई. परंतु कामाची तऱ्हा तीच होती. आमच्याकडे एक वयस्क ट्रेसर होते. शिक्षण फारसें नाहीं, इंग्रजी यथातथाच. पण हात असा कीं शाईची रेघ कोठें थांबली आणि कोठें पुन्हां सुरू झाली हें भिंगांतूनहि कळूं नये. एकदां मीं दिलेला नकाशा उतरवितां उतरवितां ते उठून माझ्या टेबलापाशीं आले आणि म्हणाले, "साहेब, ह्या भोकांतून तुमचा तो बोल्ट जायचा नाहीं." मी त्यांच्या निम्म्याहून कमी वयाचा पोर, आणि ते मला साहेब म्हणत होते! पाहतों तों खरोखरच भोकाचें माप चुकलें होतें. ही गोष्ट येथें सांगून ठेवतों. पुढें तिचें काम पडणार आहे.

आतां समुद्रापलीकडे जाऊं. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेंत हेलिकॉप्टरचीं पातीं बनविणाऱ्या जॉन पार्सन्स या कारखानदारांसमोर असाच एक पुनरुक्तीचा डोंगर उभा राहिला. पात्याची वक्ररेषा अचूक यावयाची तर तीवरील बिंदूमागून बिंदूचा हिशोब करून एकेका बिंदूवर यंत्र आणून ठेवावें लागे. त्यांच्या कल्पनेला मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी या संस्थेच्या प्रयोगशाळेंत मूर्त रूप आलें, आणि १९५२ सालीं आंकड्यांच्या हुकुमावर चालणारें कर्तनयंत्र तेथें लोकांना दाखविण्यांत आलें. पण हे आंकडे पुरवावयाचे कोणी? अर्थात् माणसानेंच, आणि तेहि एकेक करून. हात सुटला तों डोकें अडकलें. या अडचणींतून वाट काढण्यासाठीं त्याच संस्थेतील डग्लस रॉस यांच्या नेतृत्वाखालीं 'ए. पी. टी.' नांवाची एक भाषा तयार झाली. ही रेघ, हें वर्तुळ, या रेघेला धरून डावीकडे वळ, अशा आज्ञा लिहिल्या म्हणजे मधले सारे आंकडे संगणक स्वतः काढी. १९५९ च्या फेब्रुवारींत ही भाषा जाहीर झाली तेव्हां पाहुण्यांना तिच्या आज्ञेवरून कापलेलीं ॲल्युमिनियमचीं रक्षापात्रें भेट देण्यांत आलीं. 'कॉम्प्यूटर एडेड डिझाइन' हा शब्दप्रयोगहि रॉस यांनींच त्या सुमारास रूढ केला. नव्या युगाचें पहिलें नैवेद्यपात्र म्हणून सिगारेटची राख झाडण्याची वाटी निघावी, हा काळाचा विनोद म्हणावयाचा.

पुढचें पाऊल त्याच संस्थेतील एका चोवीस वर्षांच्या विद्यार्थ्यानें टाकलें. आयव्हन सदर्लंड हें त्यांचें नांव. १९६३ च्या जानेवारींत त्यांनीं डॉक्टरेटसाठीं एक प्रबंध सादर केला. त्याचें मार्गदर्शन क्लॉड शॅनन या थोर गणितज्ञांकडे होतें. लिंकन प्रयोगशाळेंत 'टी. एक्स. २' नांवाचा एक प्रचंड संगणक होता. त्याच्या कांचेच्या पडद्यावर प्रकाशाच्या लेखणीनें रेघा काढण्याची व्यवस्था सदर्लंड यांनीं बसविली आणि तिला 'स्केचपॅड' असें नांव दिलें. पडद्यावर रेघ उमटते हें पाहून लोक थक्क झाले, आणि आजहि या शोधाचें वर्णन करणारे लोक बहुधा तेथेंच थांबतात. मला स्वतःला प्रबंधाच्या आरंभींचें एक साधें उदाहरण अधिक मोलाचें वाटतें.

प्रयोगशाळेंत कोणाला तरी षट्कोनांची जाळी हवी होती, मधमाशीच्या पोळ्यासारखी. सदर्लंड यांनीं एक षट्कोन काढला, तो नियमित केला, त्याच्या प्रती एकमेकींना जोडल्या, मग त्या जोडलेल्या पुंजक्याच्या प्रती जोडल्या. असे नऊशें षट्कोन व्हावयास, ते कसे करावे हा विचार करण्याचा वेळ धरून, सुमारें अर्धा तास लागला. कागदावर उमटविण्यास आणखी पंचवीस मिनिटें. संस्थेच्या आरेखन विभागाला विचारलें, तेव्हां हातानें हेंच काम करावयास दोन दिवस लागतील असा त्यांचा अंदाज पडला. श्रोतेहो, अर्धा तास आणि दोन दिवस! नकाशेनविसाच्या धंद्याचें भवितव्य त्या एका तुलनेंत लिहिलें गेलें होतें. मात्र तें वाचावयास धंद्यांतलें कोणी त्या वेळीं हजर नव्हतें.

यांतली खरी मेख काळाच्या बचतीहून निराळी आहे. त्या नऊशें षट्कोनांच्या नऊशें स्वतंत्र आकृत्या संगणकाच्या पोटांत नव्हत्या. मूळ ठसा एकच होता. बाकीच्या त्याच्या छापा. मूळ ठशांतील षट्कोन काढून त्या जागीं अर्धगोल बसविला कीं सगळ्या पानावर क्षणांत माशाचे खवले दिसूं लागत. चौसष्ट भोकें खोडून चौसष्ट पुन्हां काढण्याचें दुःख ज्यानें भोगलें आहे, त्यालाच या वाक्याची गोडी कळेल. आम्ही ट्रेसिंगवरील शाई दाढीच्या पात्यानें खरवडून काढीत असूं, आणि तिसऱ्यांदा खरवडलें कीं कागदाला भोक पडे.

तथापि ठशाला एक मर्यादा आहे. ती आपल्या घरच्या उदाहरणानें सांगतों. दारापुढें रांगोळी दोन रीतींनीं घालतां येते. बाजारांतून भोकांचा ठसा आणला, त्यावर रांगोळी पसरली आणि उचलला, कीं कमळ तयार. पण तें कमळ ठशाएवढेंच; अंगण मोठें असलें तरी तें वाढत नाहीं. दुसरी रीत ठिपक्यांची. जिला नियम ठाऊक आहे, ती बाई अकरापासून एकापर्यंत ठिपके मांडील किंवा एकवीसपासून एकापर्यंत मांडील. अंगणाच्या मानानें रांगोळी वाढते आणि वळणें मात्र तींच राहतात. पहिलींत आकृति साठविलेली आहे, दुसरींत कृति. सदर्लंड यांच्या योजनेंत रेघा समांतर राहाव्यात, बाजू समान राहाव्यात, असे निर्बंध घालण्याची सोय होती, तेव्हां दुसऱ्या रीतीचें बीजहि त्यांनीं पेरलेलें होतें हें खरें. पण तीं झाडें टी. एक्स. २ च्या खोलीबाहेर यावयास फार वर्षें लागलीं. त्या मधल्या काळांत मोटारींच्या व विमानांच्या कारखान्यांनीं मोठमोठीं आरेखनयंत्रें घेतलीं, त्यांची किंमत एकेका जागेला लाख डॉलरांच्या घरांत जाई, आणि त्यांत नवी आज्ञा घालणें हें विकणाऱ्या कंपनीच्या पंडितांचें काम असे. विणकर निराळा आणि पुठ्ठे कापणारा निराळा, हीच जॅकार्डची व्यवस्था तेथेंहि चालू राहिली.

ती मोडली १९८० नंतरच्या दशकांत. १९८१ च्या ऑगस्टमध्यें आय. बी. एम. कंपनीचा लहान संगणक बाजारांत आला. पुढच्याच वर्षीं कॅलिफोर्नियांत जॉन वॉकर आणि त्यांच्या कांहीं प्रोग्रामर मित्रांनीं मिळून 'ऑटोडेस्क' नांवाची कंपनी काढली. त्यांच्या मनांत एक सोडून अनेक मालांचे बेत होते, आणि नकाशे काढण्याचा प्रोग्राम हा त्यांतला केवळ एक. माइक रिडल या गृहस्थांनीं पूर्वीं लिहिलेल्या 'इंटरॅक्ट' नांवाच्या प्रोग्रामवर त्याची उभारणी झाली. १९८२ च्या नोव्हेंबरांत लास व्हेगास येथील प्रदर्शनांत तो 'ऑटोकॅड' या नांवानें मांडण्यांत आला आणि त्याची किंमत होती एक हजार डॉलर. बाकीचे बेत बाजूला राहिले व याच एका मालानें कंपनीला वर काढलें.

ऑटोकॅडमध्यें ठसा आरंभापासूनच होता. त्याला 'ब्लॉक' म्हणत. नियम मात्र नव्हता. तो आला दबक्या पावलांनीं. १९८५ च्या एका आवृत्तींत 'चल राशि आणि पदावल्या' अशा कांहींशा भिडस्त नांवाखालीं एक सोय देण्यांत आली. १९८६ च्या जानेवारींतील २.१८ या आवृत्तींत तिचें खरें स्वरूप उघड झालें: ती एक पुरी भाषा होती, आणि तिचें नांव 'ऑटोलिस्प'. हिचें कूळ फार वरचें. जॉन मॅकार्थी यांनीं १९५८ सालीं, पुन्हां त्याच मॅसॅच्युसेट्सच्या संस्थेंत, कृत्रिम बुद्धीच्या संशोधनासाठीं 'लिस्प' नांवाची भाषा रचली होती. डेव्हिड बेट्झ यांनीं तिचें 'एक्सलिस्प' नांवाचें एक लहानसें रूप लहान संगणकांसाठीं तयार केलें होतें, आणि त्यावरून ऑटोलिस्प घडली. बुद्धीचीं कोडीं सोडविण्यासाठीं जन्मलेली भाषा जिन्याच्या पायऱ्या मोजावयास आली! पण हा योग वाटतो तितका विचित्र नव्हता. लिस्प ही याद्यांची भाषा. बिंदु म्हणजे तरी काय? दोन-तीन आंकड्यांची यादी. नकाशांतील एक रेघ ऑटोकॅड आपल्याजवळ यादीच्याच रूपानें भाषेच्या हवालीं करी: ० या आंकड्यापुढें वस्तूचा प्रकार, ८ पुढें ती कोणत्या थरावर आहे तें, १० पुढें तिचा आरंभबिंदु, ११ पुढें अंत्यबिंदु. ही यादी वाचावी, तींतला एखादा आंकडा बदलावा, परत द्यावी, कीं पडद्यावरची रेघ सरकली.

आतां जिन्याचें उदाहरण घेऊं, म्हणजे हें काम कसें चालतें तें ध्यानीं येईल. प्रोग्रामच्या पहिल्या ओळींत 'डीफन' हा शब्द, म्हणजे अमुक कृतीची व्याख्या करतों अशी प्रतिज्ञा. त्यापुढें 'सी' हें अक्षर, त्यापुढें आपल्या विसर्गासारखीं दोन टिंबें आणि मग नांव, समजा 'जिना'. त्या 'सी' आणि विसर्गाचा महिमा असा कीं त्यामुळें 'जिना' ही ऑटोकॅडची स्वतःचीच आज्ञा बनते. मूळच्या आज्ञा आणि आपली आज्ञा यांत पंक्तिभेद राहत नाहीं. पुढच्या ओळी वापरणाराला विचारतात: आरंभ कोठें? पायरीची उंची किती, रुंदी किती, पायऱ्या किती? मग एक फेरा: एक उभी रेघ, एक आडवी रेघ, बिंदु पुढें सरकव, मोजणी एकानें वाढव, पायऱ्या संपल्या नसतील तर पुन्हां. अशा दहाबारा ओळी. येथें बावीस पायऱ्या, तेथें सतरा. दोन्ही जिने एकाच व्याख्येंतून निघतात. कंसांत कंस आणि त्यांत पुन्हां कंस अशी या भाषेची लिहिण्याची तऱ्हा असल्यामुळें नवशिक्याची गाळण उडे. शेवटीं किती कंस मिटावयाचे राहिले हें मोजीत बसावें लागे. शिवाय त्या वेळच्या यंत्रांत या भाषेला जागा मिळे ती सारी मिळून पंचेचाळीस हजार बाइटांच्या आंतबाहेर. आजच्या एका छायाचित्राच्या कोंपऱ्यांत ती मावून जाईल.

पण या तुटपुंज्या जागेंत एक नवी गोष्ट घडली. प्रोग्राम लिहूं लागले ते नकाशेनवीस. प्रोग्रामरांचा धंदा करणारे नव्हेत. नळ टाकणाऱ्यानें नळाचा प्रोग्राम लिहिला, पूल बांधणाऱ्यानें पुलाचा. 'कॅडॅलिस्ट' नांवाच्या मासिकांत वाचकांनीं पाठविलेले असे प्रोग्राम महिन्याच्या महिन्याला छापून येत, आणि आपल्याकडे वर्तमानपत्रांतील पाककृति कापून ठेवतात तसे लोक ते कापून ठेवीत व रात्रीं बसून आपल्या यंत्रावर उतरून काढीत. विणकर पुठ्ठे कापूं लागला होता.

माझ्या हातीं हें साधन आलें १९९० च्या सुमारास, दुसऱ्या एका कचेरींत. आरंभीचा माझा उत्साह विचारूं नका. भोकांचें वर्तुळ काढण्याचा, मध्यरेषा घालण्याचा आणि शेजारीं मापांचें कोष्टक लिहिण्याचा एक प्रोग्राम मीं लिहिला. चौसष्ट भोकें डोळ्याचें पातें लवतें न लवतें तों पडत. ज्याला दोन दिवस लागत तें काम जेवणापूर्वीं उरकूं लागलें, आणि साहेबांची मर्जी बसली.

मग एके दिवशीं शॉपमधून फोन आला. बोल्ट भोकांतून जात नव्हते. वीस मिलिमीटरच्या बोल्टाला बावीसचें भोक लागतें. मीं सोळाच्या बोल्टासाठीं केलेला प्रोग्राम तसाच चालविला होता, आणि त्यांत अठरा हा आंकडा मींच कोरून ठेवला होता. एका नकाशांत चूक असती तर निभावलें असतें. नकाशे होते एक्केचाळीस. सगळे एकाच सकाळीं निघालेले, सगळे एकसारखे सुबक आणि सगळे एकसारखे चुकलेले. भोकें वाढवितां येतात, भरून काढण्याचा प्रसंग आला नाहीं, एवढेंच सुदैव. परंतु पोलादावर पुन्हां ड्रिल फिरविण्याची मजुरी आणि गेलेला वेळ यांचा हिशोब माझ्या नांवावर लागला, तो योग्यच होता.

त्या रात्रीं मला आमच्या जुन्या ट्रेसरांची आठवण झाली. तिसरा नकाशा उतरवितांना ते खात्रीनें उठून आले असते. गिरवणें हें निर्बुद्ध काम आहे असें आपण म्हणतों, आणि मीं स्वतः या भाषणाच्या आरंभीं म्हटलें. पण गिरवणारा माणूस निर्बुद्ध नसतो. त्याचा हात फिरत असतांना त्याचा डोळा मोकळा असतो, आणि त्या मोकळ्या डोळ्याला भोक आणि बोल्ट एकाच वेळीं दिसतात. ही तपासणी कोणत्याहि नियमावलींत लिहिलेली नव्हती, तिचा वेगळा पगार कोणी देत नव्हतें. म्हणून ट्रेसरांचा वर्ग नाहींसा झाला तेव्हां तीहि गेली आणि तें कोणाच्या ध्यानांत आलें नाहीं. पुढें त्या ट्रेसरांना ऑफिसांतून मुदतीपूर्वीं निवृत्त करण्यांत आलें असें ऐकलें. त्यांचें काम अर्ध्या तासांत होत होतें ना!

दुसरा धोका याहून वेगळा. ऑटोकॅड सुरू होतांच किंवा नकाशा उघडतांच एका ठराविक नांवाची लिस्पची फाईल आपोआप वाचली जाई. रोजचे प्रोग्राम रोज हातानें बोलवावे लागूं नयेत म्हणून केलेली ही सोय. ती फाईल नकाशाशेजारींच पडलेली असली तरी चाले. २०१२ सालीं स्लोव्हाकियांतील ईसेट या कंपनीनें एक कीड उघडकीस आणली. तिला 'मेड्रे' असें नांव देण्यांत आलें. ती ऑटोलिस्पमध्यें लिहिलेली होती आणि याच आपोआप वाचल्या जाणाऱ्या फाईलच्या रूपानें शिरत होती. उघडलेला प्रत्येक नकाशा ती गुपचुप चीनमधील टपालपेट्यांकडे रवाना करी. मुख्यतः पेरू देशांतील हजारों नकाशे अशा रीतीनें बाहेर गेले होते. त्यानंतरच्या आवृत्त्यांत, विश्वासाच्या म्हणून नेमून दिलेल्या फोल्डरांबाहेरचा प्रोग्राम चालविण्यापूर्वीं मालकाला विचारावें, अशी व्यवस्था झाली. घराची किल्ली उंबऱ्याखालीं ठेवण्याची आपली जुनी चाल, आणि ती कोणीतरी एकदां उचलून नेल्यावर आपण कुलुपाचा विचार करतों, तसेंच हें.

आतां एक तक्रार करावयाची आहे, आणि ती माझ्यापुरती नाहीं. १९९३ सालीं ऑटोकॅडची एक स्वस्त धाकटी आवृत्ति निघाली, तिला 'एल. टी.' म्हणत. एकट्यादुकट्या वास्तुशिल्पकारानें, लहान कंत्राटदारानें, नुकत्या सुरू झालेल्या कचेरीनें तीच घ्यावी असा तिचा हेतु. तिच्यांत रेघा होत्या, थर होते, ठसे होते, ऑटोलिस्प नव्हती. नकाशा काढण्याची मुभा स्वस्तांत, पण स्वतःचें गिरवणें यंत्राला शिकविण्याची मुभा हवी असेल तर मोठी किंमत मोजा, असा त्याचा अर्थ. ज्याच्याजवळ हाताखालीं माणसें नाहींत त्यालाच या विद्येची गरज सर्वांत अधिक, आणि नेमकी त्यालाच ती नाकारलेली! व्यापाराच्या दृष्टीनें हें धोरण समजण्यासारखें आहे. मला तें कधींहि न्याय्य वाटलें नाहीं. तीस वर्षें ही स्थिति टिकली. २०२३ सालीं निघालेल्या, २०२४ चा शिक्का असलेल्या एल. टी. आवृत्तींत ऑटोलिस्प अखेर देण्यांत आली. जॉन वॉकर यांचें निधन झालें तें त्याच्या पुढच्या वर्षीं, २०२४ च्या फेब्रुवारींत.

या तीस वर्षांत जग अर्थातच थांबलें नव्हतें. कोणाची वाट न पाहतां 'फ्रीकॅड' नांवाचा मुक्त प्रोग्राम २००२ सालीं लोकांसमोर आला. त्यांत आपण हातानें केलेल्या कृति टिपून घेऊन त्यांचाच प्रोग्राम बनविण्याची सोय आहे. डेव्हिड रटन यांनीं २००७ च्या सुमारास 'ऱ्हायनो' या आरेखनाच्या प्रोग्रामला 'ग्रासहॉपर' नांवाची जोड दिली. तींत कंस नाहींत, अक्षरेंहि जवळजवळ नाहींत. चौकटी मांडावयाच्या आणि तारांनीं जोडावयाच्या. वास्तुशिल्पाचे विद्यार्थी ती खेळाप्रमाणें शिकतात. अलीकडे तर साध्या भाषेंत इच्छा बोलून दाखविली कीं लिस्पचा प्रोग्राम लिहून देणारीं यंत्रें आलीं आहेत. कंस मिटले आहेत कीं नाहींत याची काळजी आतां तींच वाहतात, आणि भोकाचें माप कोठून आलें हें मात्र पूर्वींप्रमाणेंच कोणीतरी पाहावें लागतें.

माझा तो भोकांचा प्रोग्राम अजून चालतो. ऑटोलिस्पचा हा एक गुण मानला पाहिजे कीं तिच्यांत पस्तीस वर्षांपूर्वीं लिहिलेल्या ओळी आजच्या यंत्रावर बहुधा जशाच्या तशा चालतात. माझा पुतण्या पुण्यास एका कचेरींत असतो, तो तो वापरतो. त्या एक्केचाळीस नकाशांनंतर मीं त्यांतला कोरलेला आंकडा काढून टाकला आणि त्या जागीं एक प्रश्न घातला. बोल्ट केवढा, हें सांगितल्याशिवाय प्रोग्राम पुढें जात नाहीं, आणि सांगितल्यावर भोकाचें माप पडद्यावर दाखवून 'बरोबर आहे का?' असें पुन्हां एकदां विचारतो. परवां पुतण्याचा फोन आला. म्हणाला, "काका, शंभर वेळां तेंच विचारतं हो हें. ती एक ओळ काढून टाकूं का?" मी म्हणालों, "बाकी वाटेल तें बदल, त्या ओळीला हात लावूं नकोस." त्यानें बरें म्हटलें आहे. ओळ अजून जागेवर आहे किंवा नाहीं, हें मीं त्याला विचारलेलें नाहीं.